तूर काढणीलाच विकावी की राखून ठेवावी : भावाच्या चढउतारामागचा हिशोब

हिंगोली जिल्ह्यातील एका तरुण शेतकऱ्याने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे : घरी दरवर्षी सात एकरांवर सोयाबीनमध्ये आंतरपीक म्हणून तूर असते. २०२४ च्या उन्हाळ्यात शेजाऱ्यांनी ती दहा हजारांच्या वर विकली, म्हणून पुढच्या हंगामातील माल आम्ही विकला नाही, घरी राखून ठेवला. भाव मात्र वाढण्याऐवजी हमीभावाच्याही खाली उतरत गेला आणि शेवटी तोट्यात माल काढावा लागला. तुरीचा भाव नेमका कशावर चालतो, आणि माल कधी विकावा?

उत्तर देण्याआधी मी कोणत्या बाजूने बोलतो आहे हे सांगणे आवश्यक वाटते. लातूरच्या मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या घाऊक बाजारात, डाळमिलसाठी तूर खरेदी करण्याचे काम मी सव्वीस वर्षे केले. म्हणजे सौद्यात मी शेतकऱ्याच्या समोरच्या बाजूला बसत होतो आणि माल स्वस्तात मिळावा हेच माझे काम होते. त्यामुळे पुढे जे सांगतो आहे ते खरेदीदार भाव कसा ठरवतो याच्या अनुभवावरचे आहे. ही माहिती शेतकऱ्यापर्यंत पोचत नाही, आणि सौद्यात त्याची बाजू निम्मी तेथूनच दुबळी होते, असे माझे प्रामाणिक मत आहे.

तुरीच्या भावाचा स्वभाव समजून घ्यायचा तर पहिली गोष्ट ही की पीक वर्षातून एकदा येते आणि खाणारे बारा महिने खातात. देशात वर्षाला सुमारे ४५ लाख टन तूर लागते. २०२२-२३ आणि २०२३-२४ या दोन्ही वर्षांत उत्पादन ३३ ते ३४ लाख टनांच्या आसपास राहिले. ही तूट आयातीने भरून निघते. पण आपल्याला हवी तेव्हा हवी तेवढी तूर विकत घेता येईल असा जागतिक बाजार अस्तित्वात नाही. गहू किंवा सोयाबीन अनेक देश पिकवतात आणि अनेक देश घेतात. तूर मोठ्या प्रमाणावर पिकवणारा, खाणारा आणि आयात करणारा देश मुख्यतः भारतच आहे. म्यानमार, मोझांबिक, टांझानिया आणि मलावी हे देश जी तूर निर्यातीसाठी लावतात ती जवळजवळ आपल्यासाठीच लावतात. त्यातच वरण आणि सांबार यांना सहज पर्याय नसल्याने भाव वाढला तरी घराघरांतील खप लगेच कमी होत नाही. पुरवठ्यात दहा टक्क्यांची घट झाली की भाव दहा टक्के वाढून थांबत नाही, त्याहून बराच जास्त चढतो. आणि तेवढीच वाढ झाली की तसाच कोसळतो.

याचे सर्वांत स्पष्ट उदाहरण २०१५ ते २०१७ या काळातील आहे आणि ते मी डोळ्यांनी पाहिले आहे. २०१४ आणि २०१५ असे सलग दोन पावसाळे कमी झाले. २०१५-१६ चे देशातील तुरीचे उत्पादन सुमारे २५.६ लाख टनांवर आले. ऑक्टोबर २०१५ मध्ये किरकोळ बाजारात तूरडाळ किलोला २०० रुपयांपर्यंत पोचली आणि बाजार समित्यांत कच्ची तूर क्विंटलला दहा हजारांच्या वर गेली, तेव्हा हमीभाव बोनस धरून ४,६२५ रुपये होता. सरकारने आयातदारांनाही साठामर्यादा लावली, बफर साठ्याची योजना आखली आणि जुलै २०१६ मध्ये मोझांबिकशी करार करून पाच वर्षांत तेथून येणारी तूर १ लाख टनांवरून २ लाख टनांपर्यंत नेण्याचे ठरवले. त्याच जून-जुलैमध्ये आपले शेतकरी मागील वर्षाचा भाव डोळ्यांसमोर ठेवून पेरणी करत होते. तुरीखालील क्षेत्र सुमारे ४० लाख हेक्टरांवरून ५३ लाख हेक्टरांवर गेले, पाऊस चांगला झाला, आणि २०१६-१७ चे उत्पादन जवळपास ४८.७ लाख टन झाले. एका वर्षात उत्पादन दुपटीजवळ पोचले आणि त्याच वेळी आयातीचा मालही बंदरात उतरत होता.

जानेवारी २०१७ मध्ये मोंढ्यात जो माल आला त्याला मी स्वतः जागा शोधत फिरलो आहे. हमीभाव बोनससह ५,०५० रुपये जाहीर झालेला होता, आणि लिलावात भाव चार हजारांच्या आसपास, काही बाजारांत त्याहूनही खाली निघत होता. नोव्हेंबर २०१६ मधील नोटबंदीमुळे रोखीने माल घेणाऱ्या लहान व्यापाऱ्यांचा हात आखडला होता, त्याचाही त्यात वाटा होता. सरकारी खरेदी केंद्रांवर बारदाना (माल भरण्याची पोती) संपला, ट्रॅक्टरांच्या रांगा दिवसेंदिवस उभ्या राहिल्या आणि एप्रिलमध्ये खरेदीची मुदत संपली तेव्हाही राज्यभर केंद्रांबाहेर माल पडून होता. त्या वर्षी ज्यांनी ‘पावसाळ्यापर्यंत थांबू’ म्हणून तूर घरात ठेवली त्यांना दिवाळीतही फारसे जास्त मिळाले नाहीत, कारण सरकारने खरेदी केलेला प्रचंड साठा पुढचे दीड-दोन वर्ष बाजारात हळूहळू विकला जात होता. आयातीवर मार्च २०१७ मध्ये १० टक्के शुल्क आणि ऑगस्ट २०१७ मध्ये वर्षाला २ लाख टनांची मर्यादा आली, २००६ पासूनची निर्यातबंदी त्याच सप्टेंबरात उठली. पण तोपर्यंत शेतकऱ्याचा माल निम्म्याहून अधिक विकून झाला होता.

आपल्याला २०२४-२५ मध्ये जो फटका बसला तो याच कथेची दुसरी आवृत्ती होती, फक्त तीव्रता कमी होती. मर रोग आणि अनियमित पावसाने २०२२-२३ चे पीक घटले, २०२३ च्या पावसाळ्यातही खंड पडले. २०२३ च्या उत्तरार्धात भाव दहा हजारांच्या पुढे गेला आणि २०२४ च्या उन्हाळ्यात मोठ्या बाजारांत दहा ते बारा हजारांच्या दरम्यान राहिला. त्या भावाकडे पाहून पेरणी झाली, पाऊस समाधानकारक होता, आणि आपल्याइतकाच तो भाव मोझांबिकच्या आणि टांझानियाच्या शेतकऱ्यानेही पाहिला. २०२४-२५ या वर्षात विक्रमी, सुमारे १२ लाख टन तूर आयात झाली. जानेवारी २०२५ मध्ये आपली तूर निघाली तेव्हा भाव ७,५५० रुपयांच्या हमीभावाच्या आसपास किंवा थोडा खाली रेंगाळत होता आणि वर्षाच्या मध्यावर तो साडेसहा हजारांपर्यंत खाली आला. आपण वाट पाहिली हा आपला निष्काळजीपणा नव्हता. आपण मागच्या वर्षाच्या भावावर या वर्षाचा निर्णय घेतला, आणि तुरीच्या बाबतीत नेमकी हीच सवय सर्वांत महाग पडते.

खरेदीदार काय पाहतो ते आता सांगतो. आमच्याकडे भिंतीवर कॅलेंडर लावलेले असे आणि त्यावर चार काळ लाल शाईने खुणावलेले असत. कर्नाटकातील, विशेषतः कलबुर्गी भागातील नवी तूर डिसेंबरात सुरू होते. मराठवाडा आणि विदर्भाची आवक जानेवारी-फेब्रुवारीत भरात येते. म्यानमारची, जिला बाजारात लेमन तूर म्हणतात, तिची नवी आवक साधारण त्याच सुमारास सुरू होऊन चेन्नई आणि मुंबईत उतरते. आफ्रिकेची तूर ऑगस्ट-सप्टेंबरात निघते आणि सप्टेंबर ते डिसेंबर या काळात आपल्या बंदरांत पोचते. शेवटच्या काळाचा अर्थ नीट ध्यानात घ्यावा. पूर्वी श्रावण ते दिवाळी हा तुरीच्या तेजीचा हंगाम असे, कारण जुना माल संपत आलेला आणि नवा माल लांब असे. आता त्याच पोकळीत आफ्रिकेचा माल येतो. म्हणून ‘दिवाळीला भाव येतोच’ हा आपल्या वडीलधाऱ्यांचा अनुभव त्यांच्या काळी खरा होता, पण आज त्यावर विसंबून माल ठेवणे धोक्याचे झाले आहे. अर्थात या प्रवाहालाही अडथळे येतात. २०२३ च्या अखेरीस मोझांबिकमध्ये निर्यातीच्या वादातून जहाजे अडली, तेव्हा आमच्या मिलमध्ये आठवड्याला भाव बदलत होता.

लेमन तुरीच्या भावाला आम्ही एवढे महत्त्व का देतो, यामागे एक कारण आहे. तुरीचे वायदे, म्हणजे पुढच्या तारखेच्या मालाचे आजच भाव ठरवून होणारे सौदे, जानेवारी २००७ पासून बंद आहेत. हरभऱ्याचे वायदे पुढे काही वर्षे चालू होते, तेही ऑगस्ट २०२१ मध्ये थांबवले गेले. त्यामुळे तीन महिन्यांनंतर तूर कोणत्या भावाने मिळेल याचा कोणताही उघड दर आज देशात दिसत नाही. म्यानमारचा निर्यातदार पुढच्या महिन्याच्या मालाला डॉलरमध्ये जो दर सांगतो, तोच आमच्यासाठी पुढचा अंदाज असतो; तो दर, रुपयाचा विनिमय दर आणि बंदरापासून मिलपर्यंतचे भाडे मिळून जी किंमत होते तिच्यापेक्षा महाग देशी तूर मिल फार दिवस घेऊ शकत नाही. वायदे असावेत की नसावेत यावर मतभेद आहेत. माझे मत असे की ते बंद झाल्याने सट्टा थांबला नाही, फक्त शेतकऱ्याला दिसणारा एकमेव फलक उतरवला गेला. शेतकऱ्यांनी आपल्या मोबाइलवर चेन्नईच्या लेमन तुरीचा दर रोज पाहावा, असे मी म्हणतो ते याच कारणासाठी.

सरकारी निर्णयांविषयी शांतपणे बोलणे आवश्यक आहे, कारण मोंढ्यात त्याविषयी रागच जास्त ऐकू येतो. ग्राहकाला डाळ परवडावी हे सरकारचे कर्तव्यच आहे. अडचण निर्णयाच्या दिशेपेक्षा त्याच्या वेळेत आहे. मे २०२१ मध्ये तुरीची आयात खुली झाली आणि ती मुदत वर्षावर्षाने वाढत ३१ मार्च २०२६ पर्यंत आणली गेली. मार्च २०२३ मध्ये अख्ख्या तुरीवरील १० टक्के शुल्कही काढले गेले. २०२१ मध्ये मलावीशी वर्षाला ५० हजार टन आणि म्यानमारशी १ लाख टन तुरीचा पाच वर्षांचा करार झाला. २ जून २०२३ रोजी घाऊक व्यापाऱ्याला २०० टन तुरीची साठामर्यादा लागली आणि सप्टेंबरात ती ५० टनांवर आणली गेली. जून २०२४ मध्ये तूर आणि हरभऱ्यावर पुन्हा मर्यादा आली. साठामर्यादा लागली की त्या दिवशी व्यापारी माल विकतो हे खरे आहे. पण त्याचा दुसरा परिणाम पुढच्या जानेवारीत दिसतो : ज्याला मागच्या वर्षी साठा ठेवल्याबद्दल चौकशीला सामोरे जावे लागले तो काढणीच्या वेळी मोठी खरेदी करत नाही. काढणीला माल उचलून वर्षभर साठवणारा कोणीच उरला नाही की तो सारा भार शेतकऱ्याच्या घरावर किंवा सरकारी केंद्रावर येतो. तेव्हाचे मुख्य आर्थिक सल्लागार अरविंद सुब्रमण्यन यांच्या समितीने सप्टेंबर २०१६ च्या अहवालात साठामर्यादा आणि निर्यातबंदी काढून टाकण्याची आणि हमीभाव वाढवून प्रत्यक्ष खरेदी भक्कम करण्याची शिफारस केली होती. त्यातील हमीभाव वाढला. २०१६-१७ मधील ५,०५० रुपयांवरून तो २०२५-२६ मध्ये ८,००० रुपयांवर आला. साठामर्यादा मात्र तेजी आली की पुन्हा येतच राहिली.

आणखी एका मालाकडे आपले लक्ष वेधतो, ज्याचा तुरीशी वरवर संबंध दिसत नाही. डिसेंबर २०२३ पासून पिवळ्या वाटाण्याची आयात शुल्काशिवाय खुली झाली आणि कॅनडा व रशियातून तो मोठ्या प्रमाणावर आला. वाटाणा हरभऱ्याच्या जागी बेसनात आणि हॉटेलच्या भाजीत जातो, त्यामुळे हरभरा दबतो, आणि हरभराडाळ स्वस्त झाली की खानावळी आणि वसतिगृहे तूरडाळीचा वाटा कमी करतात. घरच्या वरणात बदल होत नाही. मोठ्या भांड्यात स्वयंपाक होतो तेथे होतो. नोव्हेंबर २०२५ पासून या वाटाण्यावर ३० टक्के शुल्क लागले. तुरीचा भाव पाहताना फक्त तुरीची आवक पाहू नये, हे त्यावरून कळते.

आता मिलच्या आतला हिशोब सांगतो, कारण सौद्यात आमचा भाव तेथून निघतो. आम्ही त्याला पडतळ म्हणतो. शंभर किलो चांगल्या तुरीपासून साधारण ७० ते ७४ किलो डाळ निघते. बाकी चुनी, तुकडा आणि टरफल असते, ते पशुखाद्यात जाते. समजा तूर ७,००० रुपयांना घेतली, दळणाचा, तेलपाण्याचा, विजेचा आणि मजुरीचा खर्च ३०० रुपये धरला आणि चुनी-टरफलाचे ४०० रुपये आले, तर ६,९०० रुपये ७२ किलो डाळीवर बसतात, म्हणजे मिलच्या दारात किलोला सुमारे ९६ रुपये. हे आकडे उदाहरणापुरते आहेत, प्रत्येक मिलचा खर्च वेगळा असतो. पण त्यातून एक उपयोगी गणित निघते : तूर क्विंटलला १०० रुपयांनी वाढली की डाळ किलोला साधारण १ रुपया ४० पैशांनी वाढावी लागते. डाळीच्या बाजारात उठाव नसेल आणि ती वाढ मिळत नसेल, तर मिल तूर घेणे थांबवते. शेतकऱ्याने आपल्या गावातील दुकानातील डाळीचा भाव पाहून तुरीचा भाव काढू नये. त्यात वाहतूक, घाऊक आणि किरकोळ नफा मिसळलेला असतो. डाळीच्या फटका या चांगल्या प्रतीचा घाऊक दर पाहावा आणि वरील गणित उलटे करावे, म्हणजे आज मिलला किती भाव परवडतो याचा बऱ्यापैकी अंदाज येतो.

हा उतारा, म्हणजे शंभर किलो तुरीमागे निघणारी डाळ, किलो-दोन किलोने हलतो आणि प्रतीचा सगळा भेद त्यातच असतो. दाणा एकसारखा, टपोरा आणि पुरता वाळलेला असेल तर डाळ जास्त निघते, तुकडा कमी पडतो. बारीक, सुरकुतलेला, घाटे अळीने टोकरलेला दाणा फार नुकसान करतो. पांढरी आणि लाल तूर एकाच पोत्यात मिसळून आणणे ही आपल्या भागातील सर्वांत महागडी चूक आहे. बीडीएन-७११ सारखी पांढरी आणि बीएसएमआर-७३६ किंवा बीडीएन-७१६ सारखी लाल यांच्या दाण्याचा आकार, टरफलाची जाडी आणि भिजवण-वाळवणीचा वेळ वेगळा असतो. मिश्र माल एका घाण्यात घातला की एक जात कच्ची राहते आणि दुसरी तुटते. त्यामुळे खरेदीदार संपूर्ण ढिगाला कमी प्रतीचा भाव लावतो. मी हे शेकडो वेळा केले आहे आणि प्रत्येक वेळी वाटले आहे की शेतकऱ्याने खळ्यावर दोन ताडपत्र्या वेगळ्या अंथरल्या असत्या तर एवढेही नुकसान झाले नसते. ओलाव्याचेही तसेच. मोंढ्यात ज्याला ‘हवा’ म्हणतात तो ओलावा हमीभाव केंद्रावर १२ टक्क्यांपेक्षा जास्त चालत नाही. १४ टक्के हवेचा माल आणला की खरेदीदार भावातही कापतो आणि कडताही (वजनातील कपात) मागतो.

आता मूळ प्रश्न : ठेवावी की विकावी? ठेवण्याची किंमत आधी मोजावी. ७,००० रुपयांची तूर सहा महिने ठेवली आणि पैसे महिना एक टक्क्याने बाहेरून उचलावे लागत असतील तर ४२० रुपये व्याज झाले. गोदामभाडे, विमा आणि धुरी धरून सहा महिन्यांचे ७०-८० रुपये समजा. १२ टक्के हवेचा माल वाळून १० टक्क्यांवर आला की वजनात सुमारे सव्वादोन टक्के घट येते, म्हणजे आणखी १५०-१६० रुपये. एकूण साडेसहाशेच्या आसपास. सहा महिन्यांनी भाव ७,६५० झाला तर आपण जेथे होतो तेथेच आहोत. त्याच्यावरचा प्रत्येक रुपया कमाई. भुंगा लागला तर हा सगळा हिशोब कोलमडतो, कारण किडलेल्या तुरीला हमीभाव केंद्र दारातून परत पाठवते आणि खरेदीदार मनाला येईल तो भाव लावतो. घरी ठेवायचीच असेल तर कडक उन्हात वाळवून, हवाबंद पिशवीत किंवा धुरी दिलेल्या गोदामात ठेवावी. ज्वारीच्या जुन्या पोत्यांत, मागच्या वर्षीच्या कोंड्याशेजारी ठेवू नये.

शेतमाल तारण योजनेचा येथे मोठा आधार होतो. राज्य कृषी पणन मंडळाच्या या योजनेत बाजार समितीच्या गोदामात तूर ठेवून तिच्या किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत रक्कम सहा महिन्यांसाठी वार्षिक ६ टक्के व्याजाने मिळते. वरील उदाहरणात ५,२५० रुपये हाती येतात आणि सहा महिन्यांचे व्याज १५८ रुपयांच्या जवळ येते. तेवढ्याच रकमेवर बाहेरचे व्याज ३१५ रुपये झाले असते, हा फरक लक्षात घेण्यासारखा आहे. राज्य वखार महामंडळाच्या गोदामातील पावतीवर बँकेचे कर्जही मिळते. आपल्याकडच्या सगळ्या बाजार समित्या ही योजना सारख्याच उत्साहाने राबवत नाहीत, त्यामुळे काढणीच्या महिनाभर आधी निधी आणि गोदामातील जागा यांची चौकशी करून ठेवावी.

ठेवणे फायद्याचे होईल की नाही हे जानेवारीत ओळखण्यासाठी मी एक साधी खूण पाहत आलो. ऐन आवकेच्या दिवसांत लिलावातील सर्वसाधारण भाव हमीभावाच्या स्पष्ट वर असेल तर मिलांकडे माल नाही आणि सरकारही फारसे खरेदी करू शकणार नाही, म्हणजे पुढे तेजीला जागा आहे. २०२३ आणि २०२४ च्या जानेवारीत हेच चित्र होते आणि दोन्ही वर्षी भाव पुढे चढला. ऐन आवकेत भाव हमीभावाच्या खाली असेल तर सरकारकडे साठा जमणार आणि तोच साठा पुढे डोक्यावर राहणार. २०१७, २०१८ आणि २०२५ मध्ये तसे घडले. २०१९ मध्ये मात्र काढणीला भाव हमीभावाखाली असूनही उन्हाळ्यानंतर सुधारला, त्यामुळे हा नियम दगडावरची रेघ समजू नये. त्याच्या जोडीला दोन गोष्टी पाहाव्यात : आयातीची मुदत ३१ मार्चनंतर वाढते आहे का, आणि मागील जूनमध्ये पेरणीच्या वेळी तुरीचा भाव किती होता. पेरणीवेळी भाव फार चढा असेल तर आपल्याकडे आणि आफ्रिकेत दोन्हीकडे पेरा वाढलेला असतो आणि पुढच्या वर्षीची तेजी तेथेच संपलेली असते.

आपल्या सात एकरांसाठी मी असे सुचवेन. सगळा माल एका दिवशी विकू नये आणि सगळा ठेवूही नये. हंगामाचा घरखर्च, पीककर्जाचा हप्ता आणि पुढच्या पेरणीचे बियाणे-खत यांची रक्कम निघेल एवढा भाग, साधारण निम्मा, जानेवारी-फेब्रुवारीत जेथे जास्त मिळेल तेथे, मोंढ्यात किंवा केंद्रावर, विकून टाकावा. उरलेल्यापैकी बराचसा भाग तारण ठेवून जून-जुलैपर्यंत न्यावा, कारण तोपर्यंत मान्सूनचा अंदाज, नवा हमीभाव आणि आयातीचे धोरण या तिन्ही गोष्टी उघड झालेल्या असतात. ऑगस्टच्या पुढे फक्त तेवढाच माल न्यावा, ज्याचा भाव पडला तरी घर अडचणीत येणार नाही. आफ्रिकेचे जहाज बंदरात लागण्यापूर्वी विकणे, हा खरेदीदाराच्या खुर्चीवरून दिसलेला माझा ठाम सल्ला आहे. ज्या वर्षी भाव हमीभावाखाली असेल त्या वर्षी तर हमीभाव केंद्र हाच आपला पहिला ग्राहक मानावा.

त्या केंद्राची तयारी मात्र डिसेंबरच्या आधीच करावी लागते. २०२५-२६ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात तूर, उडीद आणि मसूर या तीन डाळींसाठी आत्मनिर्भरता अभियान जाहीर झाले, ज्यात नाफेड आणि एनसीसीएफ या केंद्रासाठी खरेदी करणाऱ्या सहकारी संस्था नोंदणी केलेल्या शेतकऱ्याने आणलेली ही कडधान्ये चार वर्षे, म्हणजे २०२८-२९ पर्यंत, हमीभावाने पूर्ण खरेदी करतील असे सांगितले आहे. पूर्वी एकूण उत्पादनाच्या ठरावीक टक्क्यांपर्यंतच खरेदीची मर्यादा असे, तिच्या तुलनेत हे मोठे पाऊल आहे. परंतु खरेदी नोंदणी असलेल्या मालाचीच होते, आणि नोंदणीसाठी सातबारावर तुरीचा पेरा दिसला पाहिजे. सोयाबीनमध्ये तूर घेणाऱ्या आपल्यासारख्या शेतकऱ्यांची नेमकी येथेच अडचण होते : ई-पीक पाहणीत (मोबाइलवरून शेतातील पीक नोंदवण्याची सरकारी पद्धत) मुख्य पीक म्हणून सोयाबीन नोंदले जाते आणि आंतरपिकाची नोंद राहून जाते. मग जानेवारीत वाळवलेली, चाळलेली, १२ टक्क्यांच्या आतील तूर घरात असूनही केंद्रावर ती घेता येत नाही आणि ती हमीभावाखाली मोंढ्यात येते. या खरिपात ई-पीक पाहणी करताना तुरीच्या ओळींचे क्षेत्र मिश्र पीक म्हणून स्वतः नोंदवावे, त्याचा सातबारा दिवाळीपूर्वी काढून तपासावा, आणि चूक दिसली तर नोंदणी सुरू होण्याआधीच तलाठ्याकडे दुरुस्तीचा अर्ज द्यावा.